रुचिताच्या स्की आणि लहानूचं ग्रीस

रायपूरच्या कडेला असलेल्या भनपुरीत बर्फ म्हणजे लग्नाच्या दिवशी पोत्यात गुंडाळून येणारी लादी. त्याच भनपुरीच्या रुचिता रंगारीनं सहा हिवाळे बर्फावर शर्यती केल्या, हे पाऱ्यातल्या, म्हणजे मोहल्ल्यातल्या, काही म्हाताऱ्यांना अजूनही नीटसं पटत नाही.

राज्य तेव्हा नुकतंच झालं होतं. रायपूर राजधानी झालं आणि प्रत्येक खेळाचा नवा संघ उभा राहू लागला. काही संघांत खेळाडूंपेक्षा जागाच जास्त होत्या, आणि हिवाळी खेळांच्या अर्जाला तर कुणी हातही लावला नव्हता. चाकांचं स्केटिंग शिकवणाऱ्या दिवाकर सरांनी रुचिताला विचारलं, "बर्फावर घसरशील का?"

"पडलं तर लागते का, सर?"

"डांबरापेक्षा कमी."

"मग हव," ती म्हणाली, आणि सरांनी तिचं नाव लिहून टाकलं.

डांबराची तिला चांगलीच ओळख होती. ट्रक उभे राहतात त्या मैदानाच्या कडेच्या रस्त्यावर ती स्केटिंग शिकली. मागून सायकलवर बाप, लहानू. तो उरला औद्योगिक वसाहतीतल्या रोलिंग मिलमध्ये फिटर होता, आणि त्याची शिकवण एवढीच होती, "ड्रायवर हात दाखवते एकीकडं अन् वळते दुसरीकडं. त्याच्या तोंडाकडं पाहू नको. पुढचं चाक पाह्यत जा."

तिनं निवडलेल्या खेळाचं नाव स्की क्रॉस. चौघी जणी एकाच वेळी फाटकातून सुटतात, उंचवट्यांवरून उड्या घेत, वळणांवर एकमेकींना खेटत खाली येतात. पहिल्या दोघी पुढच्या फेरीत जातात, उरलेल्या दोघी चहा प्यायला. पहिल्या हिवाळ्यात रुचिता चहा प्यायली, दुसऱ्यातही. तेव्हा तिची आई मीराबाई हिनं हिशोबात बोलावं तसं सांगितलं, "आणखी एक हिवाळा. शेवटच्या फेरीत गेली तं खेळ बापा. नाही तं रेल्वेच्या परीक्षेचा क्लास लावू." बोलताना ती लेकीच्या पँटला गुडघ्याशी दुहेरी अस्तर शिवत होती.

तिसऱ्या हिवाळ्यात शर्यतींसाठी औलीच्या बर्फात पोचल्यावर रुचितानं सरावासाठी स्की बांधल्या आणि उतारावर पाय सोडले. स्की पुढे जाईनात. ओल्या मातीतून हातगाडी ओढावी तशा अडखळत चालल्या. तिनं बसून एक स्की उलटी केली. तळाला पिवळसर चिकट थर, आणि त्यावर रायपूरपासूनची सगळी धूळ.

स्कीच्या कडा लोखंडी असतात. पावसाळ्यात त्यांना गंज चढू नये म्हणून लहानूनं ग्रीस लावलं होतं, आणि एकदा हात लागलाच आहे तर सबंध तळाला, मिलमधल्या बेअरिंगला लावायचा तसं, बोटानं दाबून, एकही जागा न सोडता. त्या तळाला फक्त मेण चालतं, हे त्याला कुणी सांगितलंच नव्हतं.

"कोणी केलं हे?" दिवाकर सरांनी विचारलं.

"बाबांनी."

सरांनी नखानं तो थर खरवडून पाहिला. "काम मात्र पक्कं आहे," ते म्हणाले.

शर्यत दुसऱ्या दिवशी होती. त्यांनी विश्रामगृहाच्या खानसाम्याकडून इस्त्री मागून आणली. इस्त्रीनं तळावर मेण वितळवायचं, ते गरम आहे तोवर खरवडायचं, म्हणजे त्यासोबत ग्रीसही निघतं. दुपारभर दोघं तेच करत बसले. सातव्या खेपेला मेण बरंचसं पांढरं निघालं. "माह्या सदऱ्याले कधी एवढी इस्त्री नाही झाली," असं रुचिता म्हणाली तेव्हा सर पहिल्यांदा हसले.

तरी उपांत्य फेरीत फाटक उघडलं आणि ती चौथी निघाली. थोडं ग्रीस कुठं तरी राहिलंच होतं. एक जण पहिल्याच उडीनंतर आडवी झाली, रुचिता तिसऱ्या जागेवर सरकली. पुढे दोघी हिमाचलच्या, जन्मापासून बर्फावर वाढलेल्या. त्यांतल्या मागच्या मुलीनं शेवटच्या डाव्या वळणाआधी खांदा डावीकडे टाकला. बघणाऱ्या सगळ्यांना वाटलं, ती आतल्या बाजूनं जाणार. रुचिता खांद्याकडे बघतच नव्हती. तिची नजर त्या मुलीच्या स्कीच्या टोकांवर होती, आणि टोकं उजवीकडे वळत होती. रुचितानं आतली रिकामी वाट धरली आणि हातभर अंतरानं दुसरी आली.

अंतिम फेरीत ती चौथी आली. त्याचं तिला मुळीच वाईट वाटलं नाही. विश्रामगृहाजवळच्या बूथवरून तिनं शेजाऱ्यांकडे फोन लावला. आधी मीराबाई आली.

"गेली का शेवटच्या फेरीत?"

"गेली, आई."

"बरं. क्लासवाल्याले सांगतो मग, पोट्टी येत नाही म्हणून."

मग लहानूनं फोन घेतला. "स्कीले गंज होता का?"

"एक ठिपका नाही, बाबा."

"ग्रीस कामाले आलं मग."

रुचितानं दिवाकर सरांकडे पाहिलं. सर इस्त्री पुसत होते. "आलं, बाबा," ती म्हणाली.

ती पुढे तीन हिवाळे खेळली. दोनदा तिनं कांस्यपदक जिंकलं. दरवर्षी लहानू तितक्याच मायेनं सबंध तळाला ग्रीस लावायचा, आणि दरवर्षी रुचिता औलीला पोचताच आधी खानसाम्याकडे जायची. शेवटच्या वर्षी तर तिला पाहताच तो न विचारता इस्त्री घेऊन बाहेर आला.

आता ती रायपुरातच मुलांना स्केटिंग शिकवते. पुढचं चाक बघायला सांगते. स्की घरच्या भिंतीवर टांगल्या आहेत, आणि पावसाळा जवळ आला की निवृत्त लहानू स्टुलावर चढून त्यांना ग्रीस लावतो. रुचिता खाली स्टूल धरून उभी राहते.

"तिकडं कोपऱ्यात राह्यलं, बाबा," ती दाखवते.