पान दोनशे चौदा

आमचे मामा इंग्रजी साहित्य आणि संस्कृतीच्या इतिहासाचे मोठे अभ्यासक. नऊ पुस्तकं, आणि प्रत्येकाच्या शेवटी सूची, म्हणजे कुणाचं नाव कुठल्या पानावर आलंय ते सांगणारी यादी. ती करायची माझी मावशी, त्यांची धाकटी बहीण. स्वयंपाक आटोपला की जेवणाच्या टेबलावर तिची बुटांची जुनी खोकी यायची. खोक्यांत कार्डं, एका नावाला एक कार्ड. मामांचं अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय. ते लावून टाइप करायचीही तीच. मामांनी केलेली दुरुस्ती उतरवून झाली की तिच्यापुढे बारीक बरोबरची खूण. तीस वर्षांत तिचं एक पान चुकलं नाही. मामांच्या तारखा चुकायच्या, त्या ती गुपचूप सुधारायची.

आणि प्रस्तावनेत आभार कुणाचे? ग्रंथपालांचे, प्रकाशकांचे, अगदी झेरॉक्सवाल्याचेसुद्धा. मावशी आपली ‘घरच्या मंडळीं’त. माझं डोकंच फिरायचं.

“अगं, या खेपेला नाव घालणार आहे दादा,” ती दहाव्या पुस्तकाच्या वेळी म्हणाली. “शब्द दिलाय त्याने.”

हे शेवटचंच पुस्तक होतं. त्यातलं एक प्रकरण इंग्लंडमधल्या लेखकांच्या बायका-बहिणींवर होतं. त्यांनी जन्मभर नवऱ्यांच्या, भावांच्या वह्या उतरवून काढल्या, पण त्यांची नावं कुणी छापली नाहीत. मामांनी अशा चाळीस जणी शोधून काढल्या होत्या. लिहिलं होतं फार कळवळून. टाइप करताना मावशीचे डोळे भरून आले.

“बघ, त्याला कळतं सगळं,” ती मला म्हणाली.

मग मामांनी परस्पर दिलेली प्रस्तावना छापखान्यातून आली. घरची मंडळी.

सूची पुरी करून मावशीने मामांपुढे ठेवली. तपासता तपासता मामांचं बोट एका ओळीवर अडलं. तिथे मावशीचं नाव होतं आणि पुढे आकडा, दोनशे चौदा. त्या चाळीस जणींचं पान.

मामांनी ते पान उघडून दोनदा वाचलं.

“अगं, तुझं नाव इथे कुठेच नाहीये.”

“नाहीये ना?” मावशी म्हणाली.

मी दारात उभी होते. आता तरी कळू दे या माणसाला, असं मला ओरडावंसं वाटलं.

“वय झालं तुझं,” मामा हसले आणि लाल पेनाने त्यांनी ती ओळ खोडली. “तीस वर्षांतली पहिली चूक!”

मावशीने कागद घेतला, दुरुस्ती उतरवली आणि तिच्यापुढे बारीक बरोबरची खूण केली.