काकूचा बक्षिसाचा प्रश्न

ज्वारीच्या पापडासारख्या बिबड्या घालायच्या तर कामं आदल्या दिवशीच वाटलेली बरी, हे मला कॉलेजात असल्यापासून कळतं. धरणगावच्या आमच्या अंगणात ज्वारीचा घाटा शिजवायला काकू, थापायला तिची सून, म्हणजे माझी वहिनी, आणि गल्लीतल्या बायका, खाटेवर वाळत घालायला मी. गरम घाटा तेल घालून आधी वाटीवाटीने खायचा, मग काम. ती चव पुढे कुठे मिळाली नाही.

त्या वर्षी एकच काम वाटायचं राहिलं होतं, अखाजीचा, म्हणजे अक्षय्यतृतीयेचा, स्वयंपाक. अखाजीला काकूच्या लेकी माहेरी येणार, म्हणून वहिनीचं धुळ्याचं माहेर मागच्या वर्षी बुडालं होतं. यंदाही काकू बोलत नव्हती, वहिनी विचारत नव्हती.

गल्लीत नुकतीच केबल आली होती आणि बक्षिसांचे कार्यक्रम काकूला पाठ होते. प्रश्न पोरासोरांना येणारा, तरी ढोल वाजणार, निवेदक छताकडे बघत बसणार आणि इस्त्री मिळाली तरी बाई रडणार. काकूने घाट्याचा लाकडी चाटू माईकसारखा पुढे धरला.

"तर धुळ्याहून आलेल्या सूनबाई, आपले छंद?"

"बिबड्या थापणं."

"वा! बठ्ठ्या टाया वाजाडा!"

सगळ्यांचे हात पिठात. टाळ्या कसल्या!

"बिबडी फाटली. चूक कोणाची? एक, ज्वारीची. दोन, उन्हाची. तीन, सुनेची."

"सुनेची."

काकू आभाळाकडे बघत राहिली. मग म्हणाली, "तुनं उत्तर... बरोबर शे!"

"मग बक्षीस काय?" शेजारच्या अक्कांनी विचारलं.

"काय मांगशी ते!"

वहिनीचा थापता हात थांबला नाही. "अखाजीले माहेर."

काकूने चाटू खाली घेतला. "घेऊ या छोटीशी विश्रांती," ती पुटपुटली.

"विश्रांती नही!" अक्का ओरडल्या. "बक्षीस दे पहिले!"

काकूने चाटू पातेल्यात घालून घाटा ढवळला. "बक्षीस घरपोच," ती म्हणाली. "तुना नवराच तुले धुयाले सोडी येई."

अखाजीला वहिनी धुळ्याला, लेकी झोक्यावर आणि काकू चुलीशी. हातावर वाढवलेला पुरणाचा मांडा खापरावर टाकताना मधोमध फाटला.

"चूक कोणाची?" बिबड्यांचा किस्सा ऐकलेली धाकटी झोक्यावरून ओरडली.

काकूने छताकडे पाहिलं, आम्हाला भरपूर ताटकळत ठेवलं आणि म्हणाली, "उन्हाची."