चाचीचा समुद्र

"हात सैल सोड, बाय. बांगडी माजी, हात तुजा. मंग भांडतीस कुनाशी?"

असं म्हणत ती तुमचा हात आपल्या मांडीवर ओढून घ्यायची. अंगठा आत दुमडायची, चारी बोटं एकत्र धरून पंजा असा काही दाबायची की हाडं जागेवर राहतात की नाही याची शंका यावी. बांगड्या भरणाऱ्या बायका तुम्हीही पाहिल्या असतील. पण ही आमची निराळी होती.

ती पौडची. नवऱ्याचं बाजारात लहानसं दुकान होतं. ते त्याच्यावर सोडून ही बांगड्यांच्या माळा खांद्यावर टाकून गावोगाव फिरायची. आमचं अख्खं माले गाव तिला चाची म्हणायचं, अगदी तिच्याहून म्हाताऱ्या बायकासुद्धा. आणीबाणीच्या सुमारास मी लग्न होऊन मालेत आले, तेव्हा माझा पहिला चुडा तिनंच भरला. मी ओरडले होते. शहाण्णव कुळांचा मान राखून बसलेल्या बायकांपुढे नवी नवरी ओरडली म्हणून नंतर मला बोलणीही खावी लागली.

चाचीचं माहेर खाली कोकणात, रेवदंड्याच्या खाडीकाठी. आणि तिची एक हातोटी होती. बांगडी बोटांच्या हाडावर अडली, तुमच्या डोळ्यांत पाणी आलं, की नेमकी तेव्हाच ती म्हणायची, "आमच्या खाडीत मासा चालतो."

"चालतो?"

तुम्ही तोंड उघडेपर्यंत हात ढिला पडलेला असायचा आणि बांगडी मनगटात. पुढच्या बांगडीला वाळूवर रांगोळी काढणारा खेकडा. त्याच्या पुढच्या बांगडीला थंडीत समुद्रावरून येणारे पांढरे पाहुणे, लाटेवर पाट मांडल्यासारखे बसणारे. डझनभर बांगड्या भरून होईतो चाचीचा सगळा समुद्र आमच्या ओसरीवर आलेला असायचा.

मला वाटायचं, बाई धंद्यापुरतं रचून सांगते. माझ्या सासूबाई, म्हणजे आत्याबाई, तसं तोंडावर म्हणायच्या. आत्याबाईंना मनात ठेवणं ठाऊकच नव्हतं.

"थापाडी हायेस तू चाची. मासा कुटं चालतुया व्हय? उद्या म्हनशील, बाजार बी करतो."

"करत आसंल, बाय. मी इचारलं न्हाई."

मग दोघी खोखो हसायच्या. बांगड्या भरून झाल्या की आत्याबाई रीतीप्रमाणे तिला वाकून नमस्कार करायच्या आणि वर म्हणायच्या, "थापाडी आसलीस तरी बांगडीला हात लावतीस म्हनून." हे वर्षानुवर्षं चाललं होतं.

संक्रांत झाली की चाची दरवर्षी सात-आठ बायका गोळा करायची आणि दिराच्या जीपमधून एका दिवसासाठी आपल्या माहेरी न्यायची, समुद्र दाखवायला. घरी मात्र समुद्राचं नाव काढायचं नाही, अशी बायकांत रीत पडली होती. नुसती पाखरं बघायला बाईमाणसाला कोण सोडणार? तेव्हा देवाला जातो म्हणायचं. समुद्रकाठी देवळं काही कमी नाहीत. मालेतले पुरुष बायकांच्या भक्तीचं कौतुक करायचे आणि प्रसादाची वाट बघायचे.

आत्याबाई कधी गेल्या नव्हत्या. भात, म्हशी, सणवार यांतून त्यांना सवड नव्हती आणि थाप बघायला इतक्या लांब कशाला, असं त्यांचं म्हणणं. मग त्यांचे डोळे बिघडले. आधी जात्याशी सांडलेलं पीठ दिसेना, मग दारातून येणारं माणूस ओळखू येईना. पुण्याला नेलं. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं, डोळ्यांच्या नसा वाळताहेत, ऑपरेशनचा उपयोग नाही, आणखी काही महिने थोडंफार दिसेल. परतीची एस्टी धरली. चांदणी चौक गेला, भूगाव गेलं, पौड आलं. पौडला त्या एकदम उठल्या.

"उतर. चाचीकडं जायाचंय."

दुकानाच्या पायरीवर उभं राहून त्या चाचीला म्हणाल्या, "डोळं जायाच्या आत तुजी थाप बगायचीय. ह्या टायमाला मी येनार."

चाचीनं माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली. एरवी शब्दाला शब्द देणारी ती बाई नुसतं "या" म्हणाली.

घरी आत्याबाईंनी देवाचंही नाव घेतलं नाही. "मासा बगाया चाललेय," असं मामंजींना सांगून टाकलं. मामंजी विडी विझवून म्हणाले, "शाल घे. वारं लागंल." मामंजींच्या तोंडून मी ऐकलेलं सगळ्यात प्रेमाचं वाक्य ते.

कोंबडं आरवायच्या आधी जीप निघाली. पुणं, लोणावळा, खोपोली, पेण. घाटात तिघींना उलट्या झाल्या. आत्याबाईंना पुढं खिडकीशी बसवलं होतं. त्या वाटभर डोळे मिटून होत्या. झोपल्या का, म्हणून विचारलं तर म्हणाल्या, "जपून ठिवतेय. उगा डांबर बगून कशाला संपवू?"

खाडीला ओहोटी होती. चिखल उघडा पडला होता. चाचीनं तोंडावर बोट ठेवून सगळ्यांना गप्प केलं आणि हात दाखवला. आणि काय सांगू तुम्हाला, चिखलावरून बोटभर लांबीचे मासे खरोखर चालत होते! दोन पंखांवर रेटा देत, मध्येच टुणकन उडी मारत, वर आलेले डोळे गरागरा फिरवत. आमच्यातली एक तर "अगं बया!" म्हणून मटकन खालीच बसली. निवटी म्हणतात त्यांना, चाचीनं सांगितलं. मी मनातल्या मनात तिची माफी मागितली.

"कुटं हाय?" आत्याबाईंनी विचारलं.

"ह्यो काय, पायाम्होरं."

"न्हाई दिसत."

चाची त्यांच्या पाठीशी उभी राहिली, त्यांची हनुवटी धरून मान वळवली, बोटानं दाखवलं. चिखलाच्या रंगाचे मासे चिखलात. "मला नुसता चिखोल दिसतुया गं," आत्याबाई म्हणाल्या. पुढं पुळणीवर खेकड्यांच्या रांगोळ्या होत्या, वाळूच्या मोहरीएवढ्या गोळ्यांच्या. त्यांवर आत्याबाई वाकल्या आणि तशाच उठल्या. पांढरे पाहुणे तर पार तिकडे, पाण्याच्या रेघेवर. "हायेत आसं तुमी म्हनता, तर आसतील," त्या म्हणाल्या आणि शाल गुंडाळून वाळूवर बसल्या.

चाचीचं तोंड तेव्हा तुम्ही बघायला हवं होतं. जन्मभर जे शब्दांनी दाखवलं, ते समोर असून तिला दाखवता येत नव्हतं. "मी प्यायचं पानी आनते भावाकडनं," असं पुटपुटून ती भराभर निघून गेली. ती रडायला गेली, हे मला कळलं.

इकडे आम्ही जेवणाची तयारी केली. आम्ही धरणाकाठच्या बायका. आमचं पाणी दिवाळीनंतर एकच काम जाणतं, रोज थोडं खाली जायचं. काठावर ठेवलेली वस्तू संध्याकाळी जिथल्या तिथं, उलट पाणीच लांब गेलेलं. तेव्हा हात धुवायला सोयीचं म्हणून आम्ही भाकरीचं गाठोडं पाण्याच्या जवळ, गार ओल्या वाळूत ठेवलं, पायताणंही तिथंच काढली आणि वर येऊन गप्पा मारत बसलो. भरती नावाचा प्रकार कुणाच्या ध्यानातच नाही.

"अगं, गठुडं चाललं!" कुणीतरी किंचाळलं.

पाणी चोरासारखं वर येऊन गाठोडं घेऊन निघालं होतं. लुगडी वर खोचून आम्ही धावलो. एकीनं पायताणं धरली, एकीनं ठेच्याचा डबा. फडकं सुटलं आणि भाकऱ्या, गुळाच्या पोळ्या पाण्यावर पसरल्या. आरडाओरडा ऐकून आत्याबाईही उठून पाण्यात शिरल्या होत्या. मी त्यांना धरायला वळले, तर त्यांच्या हाताला एक भिजकी भाकरी लागलेली, ती त्यांनी छातीशी घट्ट धरलेली. "निदान एक तरी घावली," म्हणाल्या.

आणि तेवढ्यात ते आले.

लांबच्या रेघेवरचे पांढरे पाहुणे भाकऱ्या बघून उठले आणि थेट आमच्या डोक्यावर. पंखांचा वारा लागत होता. इतका कलकलाट की एकमेकींचं बोलणं ऐकू येईना. पाण्यावरचे तुकडे उचलत होते, त्यांवरून भांडत होते. आत्याबाईंनी मान वर केली. पांढरं काहीतरी हलतंय, जवळ येतंय, हे त्यांना जाणवलं आणि त्या भ्यायल्या. मूठ आणखी आवळली.

मागून कळशी वाळूत आपटल्याचा आवाज झाला. चाची साडीसकट पाण्यात धावत आली. तिनं आत्याबाईंचं मनगट धरलं, हात वर केला आणि नेहमीसारखा पंजा दाबला.

"हात सैल सोड, बाय. पाव्हना दारात आलाय. त्याला जेवू घाल."

मूठ उघडली. तळव्यावर ओल्या भाकरीचा गोळा. एक पाखरू सरळ खाली आलं, त्यांच्या तोंडासमोर वितीवर पंख फडफडवत क्षणभर थांबलं, चोच घातली आणि गेलं. मग दुसरं. आत्याबाईंचे डोळे मोठे झाले. इतक्या जवळचं त्यांना दिसत होतं! तिसरं आलं तशा त्या लहान पोरीसारख्या ओरडल्या,

"चाची! तीट लावलीया गं त्याला! कानामागं, काजळाची!"

"कसली तीट?"

"बग की नीट! डोळं हायेत न्हवं तुला?"

आम्ही सगळ्यांनी पाहिलं. खरंच, प्रत्येक पाखराच्या डोळ्यामागं काळा ठिपका होता, तान्ह्याला लावतात तसा. खाडीकाठी वाढलेल्या चाचीनंही तो कधी टिपला नव्हता. "अल्ला," ती म्हणाली, "आईनं लावून धाडलंय त्यास्नी." आणि दोघी कंबरभर पाण्यात एकमेकींना धरून हसत सुटल्या. मी रडत होते. का लपवू?

भाकऱ्या पाहुण्यांनी खाल्ल्या होत्या. चाचीचा भाऊ जेवायला बोलवायला आला. मालेत आमच्यातल्या बऱ्याच जणी चाचीच्या घरचं पाणीही पीत नसत. सगळ्या एकमेकींच्या तोंडाकडे बघू लागल्या. आत्याबाई म्हणाल्या, "माजा पाव्हना जेवला, आता मी जेवते," आणि आधी जाऊन पाटावर बसल्या. मग बाकीच्याही बसल्या. तांदळाची भाकरी आणि खोबऱ्याची चटणी. इतकं गोड मला पुन्हा लागलं नाही.

उन्हाळा सरता सरता आत्याबाईंचे डोळे पुरते गेले. त्यानंतर चाची आली तेव्हा मला धास्ती होती. ती ओसरीवर बसली, हात मांडीवर घेतला, पंजा दाबला. बांगडी हाडावर अडली. आता समुद्राचं काय सांगणार ही?

"बाय," ती म्हणाली, "काय दिसतं?"

आत्याबाईंनी मान तिच्याकडे वळवली. मग सांगू लागल्या. पांढरे पंख, लाल चोच, कानामागं तीट, आणि तिसऱ्याची चोच तळव्याला कशी लागली. हात कधी ढिला पडला आणि बांगडी कधी गेली, त्यांनाही कळलं नाही. तेव्हापासून हे उलटंच झालं. समुद्र आत्याबाई सांगायच्या, चाची ऐकायची आणि दर खेपेला नव्यानं विचारायची, "कंच्या कानामागं गं?"

पुढं मामंजी गेले. आत्याबाईंच्या हातातल्या बांगड्या गेल्या. त्यानंतर गल्लीत चाचीची हाळी आली तेव्हा आत्याबाई उठून आत जाऊ लागल्या. आता तिचं आपल्याकडे काय काम? चाची मात्र नेहमीसारखी ओसरीवर येऊन बसली. माळा खाली ठेवल्या. आत्याबाईंचा मोकळा हात मांडीवर घेतला, अंगठा दुमडला, पंजा दाबला, जराही कमी नाही.

"हात सैल सोड, बाय. काय दिसतं?"

एकही बांगडी न भरता तिनं सगळं ऐकून घेतलं. आत्याबाईंनी वाकून नमस्कार केला. हे मग तिच्या दर फेरीला होत राहिलं. गावात कुणी काय म्हणेल याची दोघींनी पर्वा केली नाही.

एका साली संक्रांत झाली तरी चाची आली नाही. तिचा दीर जीप घेऊन मालेवरून चालला होता, त्यानं थांबून सांगितलं. माहेरी गेली होती, तिथंच गेली. खाडीकाठीच माती दिली.

मी आत येऊन आत्याबाईंना सांगितलं. त्या खांबाला टेकून बसल्या होत्या. त्यांनी उजवा हात पुढं केला, माझ्या दिशेनं. मी खाली बसले, तो मांडीवर घेतला, अंगठा दुमडला. मूठ लाकडासारखी घट्ट झाली होती. मला चाचीसारखं दाबता येईना.

"आत्याबाई, हात सैल सोडा," मी म्हणाले.

"आसा नसतो सुटत," त्या म्हणाल्या. "आधी इचार."

मी विचारलं.