गाडीच्या मागे बसणारे मामाजी

आमचे मामाजी, म्हणजे माझे सासरे, गाडीचा हँडब्रेक घरीच कसायचे आणि तो नीट लागला की नाही हे पाहायला गाडीच्या मागे स्टूल टाकून बसायचे. गाडी उतारावर, गिअर न्यूट्रलला, चाकामागे दगड नाही की विटेचा तुकडा नाही, आणि मामाजी डिकीपासून हातभर अंतरावर बशीत चहा ओतून निवांत पीत बसलेले. गल्लीतलं कोणी म्हणालं, "काकाजी, बाजूले बसा नं जरा," तर ते भडकायचे. "दुसऱ्याच्या जिवावर ब्रेक तपासू का? म्या कसला, मीच बसन." हा शुद्ध वेडेपणा होता. माणूस गेला की लोक त्याच्या वेडेपणालाही कौतुकाचं नाव देतात. मी देणार नाही. मी तेव्हाही त्यांच्याशी यावरून भांडले होते आणि आजही माझं म्हणणं तेच आहे.

आम्ही राहतो त्या पिपरी मेघेत, आमच्या गल्लीत, सगळ्यांचीच घरं रस्त्यापासून चार फूट उंच. रस्ता दर दोन-तीन वर्षांनी वर येतो आणि ज्याचं जोतं खाली राहिलं त्याच्या घरात पाणी शिरतं, म्हणून जो तो जोतं उंच बांधतो आणि गेटपर्यंत घसरगुंडीसारखा उतार काढतो. पोर्च गाडीसाठी बांधलेलं असतं, पण तिथे मोटारसायकल, धान्याच्या कोठ्या आणि वॉशिंग मशीन जाऊन बसतात. त्यामुळे गाडी राहते उतारावर, तोंड घराकडे आणि पाठ रस्त्याकडे. प्रत्येक गेटपाशी चाकामागे लावायचा एक दगड ठेवलेला असतो. आमच्या गेटपाशी नव्हता. मामाजींनी तो उचलून नालीत फेकला होता. "दगडावरच भरोसा असन तं ब्रेक काढून भंगारात टाका," असं ते म्हणाले होते.

मामाजी मूळचे वडनेरचे. वांगी, पालक, सांभार म्हणजे कोथिंबीर लावायचे आणि स्वतःच्या टेंपोत भरून स्वतःच हिंगणघाटच्या बाजारात न्यायचे. तीस वर्षं त्यांनी तो टेंपो चालवला आणि त्याचा एकही नट दुसऱ्या कुणाच्या हाती दिला नाही. सासूबाई गेल्यावर शेती पुतण्याकडे सोपवून ते आमच्याकडे राहायला आले, ते हातात पान्यांचा डबा घेऊन. कपड्यांची पिशवी मागून आली.

दर महिन्याच्या पहिल्या रविवारी आमची जुनी गाडी गेटबाहेर सपाट जागेवर जॅकवर चढायची. लोक लिव्हरच्या बुडाशी असलेला नट दोन आटे पिळतात आणि ब्रेक कसला म्हणून मोकळे होतात, याचा मामाजींना भयंकर राग होता. आधी मागची चाकं काढायची, ब्रेकचे लायनर चाकाच्या ड्रमला आतून टेकतील इतके बाहेर घ्यायचे, मग खाली सरकून ब्रेकच्या वायरवरून बोट फिरवत कुठे तुटकी तार टोचते का ते पाहायचं, आणि नटाला हात सगळ्यात शेवटी. "पाच कट्-वर गाडी जाग्यावर रुतली पायजे, अन् सोडला का चाक एका बोटानं फिरलं पायजे. दोन्ही झालं तं ब्रेक. एकच झालं तं फसवनूक." कट् म्हणजे लिव्हर ओढताना आतला खटका एकेका दातावरून सरकतो त्याचा आवाज. तो आवाज त्यांनी आयुष्यभर मोजला.

गाडी मला त्यांनीच शिकवली. माझी नोकरी सेवाग्रामला, आणि माझा नवरा प्रशांत वर्षभर "शिकवतो, शिकवतो" म्हणत राहिला होता. एका दुपारी मामाजींनी किल्ली माझ्यासमोर ठेवली आणि म्हणाले, "चाल." पहिल्याच दिवशी मी लिव्हरचं बटन दाबून ब्रेक वर ओढला, प्रशांत ओढायचा तसा, गुपचूप. त्यांनी माझ्या हातावर चापट मारली. "बटन काऊन दाबतं वं? आवाज ऐकू येऊ दे. खटका बसला थे कानाले समजते, हाताले नाई." बटन दाबून ओढलं की खटका कधी कधी दाताच्या खाचेत न बसता टोकावर टेकून राहतो. गाडी उभी राहते, ब्रेक लागल्यासारखा वाटतो, आणि नंतर कोणी नुसतं दार आपटलं तरी खटका सुटतो. हे त्यांनी मला लिव्हरचं आवरण काढून, दात दाखवून समजावलं. प्रशांतलाही शंभरदा सांगितलं होतं. प्रशांत शिक्षक आहे. तो कुणाचं ऐकून घेतो असं सगळ्यांना वाटतं, कारण तो मान हलवतो.

राग मामाजींच्या अंगातच होता. मी आणलेली वांगी पाहून रागवायचे, बातम्या पाहून रागवायचे, वरणात मीठ कमी पडलं तर ताटावरून उठायचे आणि जास्त पडलं तर मला उठवायचे. सुरुवातीला मी रडायचे. मग माझ्या ध्यानात आलं की ज्या गोष्टीशी त्यांना काही घेणंदेणं नाही तिच्यावर ते कधीच रागवत नाहीत. तेव्हापासून मीही उलटून बोलायला लागले आणि आमचं छान जमलं.

त्या रविवारी त्यांनी नेहमीप्रमाणे ब्रेक कसला, गाडी उतारावर चढवली, पाच कट् ओढले आणि हात धुवायला आत गेले. मी चहा गाळत होते. तेवढ्यात शेजाऱ्याची ट्रॅक्टरची ट्रॉली वळायला जागा मागू लागली, कारण आमच्या गाडीचं शेपूट रस्त्यावर आलं होतं. प्रशांत फोनवर बोलत बोलत गाडीत बसला, फूटभर वर घेतली, बटन दाबून ब्रेक ओढला, गाडी न्यूट्रललाच ठेवली, आणि दार अर्धवट ढकलून तसाच बोलत आत निघून गेला. हे सगळं मी स्वयंपाकघराच्या खिडकीतून पाहिलं. पाहिलं, पण मनात घेतलं नाही.

मामाजी बाहेर आले, गेटच्या खांबाशी स्टूल टाकलं, बसले. मी त्यांच्या हातात कपबशी दिली. परत येताना दार नीट लागलेलं नाही असं दिसलं आणि मी ते लोटून लावलं. आतून एक कट् ऐकू आला. एकच. गाडी मागे सरकली आणि मामाजींचा उजवा पाय बंपर आणि गेटचा खांब यांच्यामध्ये सापडला.

गुडघ्याखाली दोन ठिकाणी हाड मोडलं होतं. दवाखान्यात खाटेवर पडून ते पहिलं वाक्य बोलले ते असं: "माह्यंच चुकलं. हात गेले आता माहे." मी प्रशांतकडे पाहिलं. त्यानं मान हलवली आणि डॉक्टरांना म्हणाला, "वय झालं बाबाचं. ऐकत नाईत." मी त्याला बाहेर व्हरांड्यात नेलं आणि विचारलं. तो काय ते समजून होता. म्हणाला, "कोनी इचारलं नाई तं सांगू नको. सांगून पाय जुळनार हाये का? उलट बाबाले वाटन, पोरानंच पाडलं." ऐकायला हे शहाणपणाचं वाटतं. मलाही वाटलं. शिवाय दार मी लावलं होतं. मी गप्प बसले, आणि याचा मला जो राग आहे तो प्रशांतवरच्या रागापेक्षा कमी नाही.

घरी आल्यावर मामाजींनी पान्यांचा डबा भंगारवाल्याला देऊन टाकला. मी कामावरून आले तर डब्याच्या जागी फरशीवर तेलाचा चौकोन तेवढा राहिला होता. त्यानंतर ते कशावरही रागावले नाहीत. अळणी वरण खाल्लं. निब्बर वांगी खाल्ली. व्यायाम शिकवायला येणाऱ्या बाईनं पाय उचला म्हटलं तर "बरं" म्हणायचे आणि उचलायचे नाहीत. प्रशांत म्हणाला, "बाबा किती समजूतदार झाले." वडनेरहून पुतण्या भेटायला आला, त्यानं गावात जाऊन सांगितलं की काकाजींचा ब्रेक काकाजींनाच लागला नाही, आणि लोक हसले. हे त्यानं फोनवर आम्हाला पुन्हा हसत सांगितलं. मामाजी बाजूलाच बसले होते. तेही म्हणाले, "बरं." त्या 'बरं'चा मला जेवढा संताप आला तेवढा त्यांच्या शिव्यांचा कधी आला नव्हता.

असे आठ महिने गेले. मग एका रविवारी प्रशांतनं गाडी गॅरेजमधून आणली. ब्रेक तिथे कसून घेतला होता, तरी लिव्हर नऊ कट् वर जात होती आणि गाडी रेलत होती. तेव्हा त्यानं कुठूनसा एक दगड आणून चाकामागे लावला. मामाजी खिडकीशी खुर्चीत होते. त्यांनी पाहिलं आणि म्हणाले, "बरं केलं. दगडच बरा."

माझ्या हातात निवडायची मेथी होती. ती मी खाली टाकली आणि म्हटलं, "मामाजी, ब्रेक तुमचा नव्हता सुटला." मग सगळं सांगितलं. ट्रॉली, फोन, बटन, दार, सगळं.

त्यांनी खिडकीवरची नजर माझ्याकडे वळवली. "केव्हापासून ठाऊक हाये तुले?"

"त्याच दिवसापासून."

"आठ महिने," ते म्हणाले. एवढंच. मग त्यांनी वॉकर ओढला आणि उभे राहिले. ज्या पायावर आठ महिने भार दिला नव्हता त्यावर दात खाऊन भार दिला, आणि प्रशांतच्या नावानं अशी हाक मारली की समोरच्या घरातली माणसं बाहेर आली.

त्यांनी प्रशांतला गाडीत बसवलं. "ओढ. बटन सोड. आवाज ऐकू येऊ दे. आनखी. आनखी ओढ." बेचाळीस वर्षांचा माणूस गल्लीदेखत वीस वेळा हँडब्रेक ओढत होता. शेवटी तो उतरला आणि खाली पाहत म्हणाला, "बाबा, चुकलं माह्यं."

"ब्रेक चुकला थे माफ. कोनाचाही चुकते," मामाजी म्हणाले. "माह्या हातावर ढकललं, थे माफ नाई. वडनेरले जाजो अन् सांगजो सगळ्यायले." प्रशांत म्हणाला, "सांगतो." मग ते माझ्याकडे वळले. "अन् तू. तुले तं म्या शिकवलं होतं. तुले आवाज समजत होता."



पुढच्या रविवारी नवे पाने आले. मामाजी खुर्चीत आणि गाडीखाली मी. "सरक आनखी. बोट फिरव वायरवर. घाई कोन्या लग्नाची हाये तुले?" माझ्या कपाळावर ग्रीस, केसांत माती, आणि वरून सतत बोलणी. लायनर चुकीचा घेतला म्हणून मला दोन्ही चाकं पुन्हा काढायला लावली. वरण पुन्हा खारट झालं, वांगी पुन्हा निब्बर निघू लागली. माझ्याशी मात्र ते पूर्वीसारखे बोलले नाहीत. रागावायचे ते कामापुरतं. पूर्वी रागावून झालं की शेजारी बसवून वडनेरच्या गोष्टी सांगायचे, तसं पुन्हा कधी बसवलं नाही. "मामाजी, आता सोडा नं," असं मी एकदाच म्हटलं. "तू आठ महिने धरलं," ते म्हणाले, "मी काऊन सोडू?"

पाऊसकाळ त्यांनी काढला. थंडीत छाती भरली आणि चार दिवसांत गेले. प्रशांत वडनेरला गेला नव्हता. पोळा होऊ दे, सोयाबीन निघू दे, दिवाळी होऊ दे, असं चाललं होतं. मामाजी रोज विचारायचे आणि तो रोज मान हलवायचा.

तेरवीला वडनेरची सगळी मंडळी आली. पंगत बसली होती, मी भात वाढत होते. पुतण्या बाजूच्याला म्हणाला, "हात थकले होते काकाजीचे. थो ब्रेक सुटला तवापासून बाकी शांत झालते बिचारे." दोघा-चौघांनी माना हलवल्या. कोणीतरी हळूच हसलं.

मी जागीच थांबले. म्हटलं, "शांत नव्हते झाले. आपन केलं होतं त्यायले शांत."

"जाऊ द्या नं वहिनी," पुतण्या म्हणाला. "मानूस गेला."

भाताचं पातेलं मी प्रशांतच्या पानासमोर खाली ठेवलं. "आता सांगता, का मी सांगू?"

तो उष्ट्या हातानं उभा राहिला. त्यानं सांगितलं. ट्रॉलीपासून दवाखान्यातल्या व्हरांड्यापर्यंत, काही न वगळता. पंगतीत कोणी घास उचलला नाही. सांगून झाल्यावर तो तसाच उभा राहिला, कोणीतरी बस म्हणेल याची वाट पाहत. बाकीचे माझ्याकडे पाहू लागले. मी पातेलं उचललं आणि पुढच्या पानावर भात वाढायला लागले.