टेंपररीची शीळ

जगातली यच्चयावत सजीव सृष्टी टेंपररी आणि परमनंट अशा दोनच जातींत मोडते, हा शोध ज्यांनी लावला ते गृहस्थ माझे व्याही लागतात. म्हणजे माझ्या सुनेचे वडील. शास्त्रज्ञांनी या शोधाची अजून दखल घेतलेली नाही, पण त्यात नुकसान शास्त्रज्ञांचंच आहे. व्याही कुरुळीचे. चाकणच्या एका कंपनीत उमेदीची सगळी वर्षं गेली, त्यातला बराच काळ टेंपररी म्हणून आणि उरलेला परमनंट म्हणून. या दोन अवस्थांमध्ये माणसाचं काय काय होतं हे त्यांनी स्वतःच्या अंगावर पाहिलेलं होतं. त्यामुळे रिटायर झाल्यावर डॉक्टरांनी 'रोज चाला' असं सांगितलं, आणि माझ्या मुलाने आपला जुना फोन सासऱ्यांना दिला, आणि त्या फोनमध्ये चुकून एक खेळ राहून गेला, तेव्हा त्यांच्या ज्ञानाला अचानक केवढं तरी मोकळं रान मिळालं.

खेळ असा, की चालत चालत फोनमधले चित्रविचित्र प्राणी पकडायचे, त्यांना खाऊ घालायचं, आणि पोट भरलं की एक बटण दाबायचं. मग तो प्राणी झगमगतो, स्वतःभोवती गिरकी घेतो आणि मोठा होऊन बाहेर येतो. पोरं याला 'इव्हॉल्व्ह' म्हणतात. व्याही म्हणतात, "परमनंट केला." प्रत्येक प्राण्याखाली चार पट्ट्या असतात: हल्ला, बचाव, दम आणि चपळाई. शिवाय त्याला एखादी चाल येत असते, म्हणजे चावणं, ओरबाडणं, थुंकणं वगैरे. बटण दाबल्यावर यातलं काय वाढेल, काय घटेल आणि कोणती चाल जाईल हे आधीच सांगायचं, हा व्याह्यांचा खरा नाद. बाकी लोक खेळतात, हे भविष्य वर्तवतात. फोन हातभर लांब धरायचा, एक डोळा मिटायचा, आणि कलिंगड वाजवून घ्यावं तसं बोटाच्या पेराने त्या प्राण्याच्या टाळक्यावर टकटक करायचं. मग निकाल. "दम वाढंल. बचाव डबल. चपळाई गेली म्हून समजा." का, तर परमनंट झाला की कुणाचीही चपळाई जाते. "टेंपररी मानूस पळत येतो, ईनबाई. परमनंट मानूस रजेचा अर्ज घिऊन येतो."

ईनबाई म्हणजे मी. विहीणबाईचं कुरुळी रूप. पहिल्यांदा त्यांनी हाक मारली तेव्हा या नावाची कोण बाई आली म्हणून मी मागे वळून पाहिलं होतं.

आता एवढ्या अधिकाराने सांगितलेलं भविष्य खरं ठरत असेल, असा कुणाचा समज झाला असेल तर तो काढून टाकावा. व्याह्यांचे अंदाज इतक्या नेमाने चुकायचे की त्यांच्या उलट धरून चालणारा माणूस खेळात राजा झाला असता. एकदा एक दातवाला मासा त्यांनी महिनाभर खाऊ घालून वाढवला. "ह्याची मगर होनार. हल्ला बघा कसा वर जातो." मी खुर्ची ओढून बसले. बटण दाबलं, मासा झगमगला, आणि आतून एक गुलाबी फुलपाखरू बाहेर आलं. हल्ल्याची पट्टी तर होती त्याहून आखडली. मी पदर तोंडाला लावला. व्याह्यांनी फुलपाखराकडे बराच वेळ पाहिलं, त्याच्या टाळक्यावरून बोट फिरवलं, "हुतं आसं," म्हणून त्याची समजूत काढली आणि मला म्हणाले, "अपडेट आला आसंल." चुकलेल्या प्रत्येक अंदाजाला हे एकच स्पष्टीकरण. नियम त्यांचा बरोबरच असायचा, फक्त खेळ बनवणाऱ्यांनी तो गुपचूप बदललेला असायचा.

हा नाद फोनपुरता राहिला असता तरी चाललं असतं. पण निघोज्याला एका लग्नात आम्ही अक्षता टाकून स्टेजवर भेटायला गेलो, तर यांनी नवऱ्या मुलाकडे एक डोळा मिटून पाहिलं आणि भरमांडवात जाहीर केलं, "हल्ला उतरला. दम टिकंल." मुलाच्या आईने अजून माझ्याशी बोलणं टाकलंय, जसं काही मीच सांगितलं. माझा मुलगा हिंजवडीच्या कंपनीत मॅनेजर झाला तेव्हा पेढा तोंडात टाकता टाकता म्हणाले, "जावयबापूंचा बचाव वाढनार. कामाची चाल जानार, मीटिंगची येनार. पोट डबल." हा त्यांचा अचूक ठरलेला दुर्मीळ अंदाज, आणि माझा मुलगा तेवढा एकच मान्य करत नाही.

या सगळ्या प्राणिसंग्रहालयात एक पाखरू मात्र त्यांनी कधीच परमनंट केलं नाही. मुठीएवढं, करड्या रंगाचं, डोक्यावर उभा तुरा. नाव ठेवलं होतं टेंपररी. चारी पट्ट्या केविलवाण्या. येत काय होतं, तर फक्त शीळ. बोट लावलं की शीळ घालायचं. लढाईत तिचा उपयोग शून्य. खाऊ खाऊन ते कधीचंच पात्र झालं होतं, बटण लुकलुकत असायचं, पण व्याही त्याला हात लावत नसत. "मोठं व्हईल, पर शीळ जाईल. मंग काय करायचं नुसत्या मोठेपनाला?"

एकदा ते पाखरू वाजत असताना माझ्या तोंडून निघून गेलं, "याच्यापेक्षा मी बरी वाजवायचे."

झालं. व्याही फोन खाली ठेवून माझ्याकडे वळले. सांगावंच लागलं. संगमनेरला माहेरी मी दोन बोटं तोंडात घालून अशी शीळ मारायचे की नदीच्या पलीकडच्या काठाशी पोहणारी पोरं आपल्याच आईने बोलावलं समजून बाहेर यायची. लग्न होऊन निगडीला आले. दुसऱ्याच दिवशी भाजीची गाडी पुढे निघून चालली, म्हणून मी गॅलरीतून एक सणसणीत शीळ घातली. गाडी थांबली. सासऱ्यांचा पेपरही हातातून खाली आला. सासूबाई एवढंच म्हणाल्या, "आपल्यात नाही हो असं." बस्स, एवढंच. कुणी ओरडलं नाही, कुणी बंदी घातली नाही. पण ती जी कोण तेव्हाची मी होते, तिला आदर्श सून होण्याचा असा झटका आला, की तिने शिळेबरोबर मोठ्याने हसणं सोडलं, पायऱ्या दोन-दोन उतरणं सोडलं, आणि कुणी सांगितलेले नसताना दोन उपवास धरले. सासूबाई स्वतः गॅलरीत उभ्या राहून शेजारणीशी खिदळायच्या आणि ही आत डोक्यावर पदर घेऊन साबुदाणा भिजवायची. ती बाई आज मला रस्त्यात भेटली तर मी ओळख देणार नाही. पुढे कितीतरी वर्षांनी आमचे हे एकदा म्हणाले, "तू ती शीळ का गं बंद केलीस? मला आवडली होती." आता बोलतोय हा माणूस! तेव्हा मला अर्धी कवळी बसली होती.

व्याह्यांनी सगळं ऐकून घेतलं, एक डोळा मिटला आणि निकाल दिला. "बढतीत चाल गेली तुमची. आता न्हाई यायची. गेल्याली चाल परत येत न्हाई, ईनबाई, गेमचा नियमच हाय." मला त्यांचा राग आला. खरं असेल असं वाटलं म्हणून जास्त आला.

मग तो म्हशीचा प्रकार झाला. कुरुळीत आता अंगणाअंगणात कामगारांच्या खोल्या झाल्यात, सगळ्या आळीत मिळून म्हैस उरलीय एक, आणि फोनमधला प्राणी पकडायला डोळे फोनमध्ये घालून निघालेले व्याही नेमके तिच्यावर जाऊन धडकले. मनगट मोडलं. हाताला प्लास्टर. शुद्धीवर असल्याचा पुरावा म्हणून डॉक्टरांना पहिलं वाक्य ऐकवलं, "म्हशीचा बचाव लई भारी हाय." आम्ही हसलो, पण सून हसली नाही. तिची आई गेल्यापासून तिचे अप्पा त्या घरात एकटे. ती रोज हिंजवडीतल्या आपल्या ऑफिसातून सुटायची, ट्रॅफिकमधून कुरुळी गाठायची, त्यांना भाकरी चुरून द्यायची आणि मग निगडीला परत यायची. डोळ्यांखाली काळं झालं होतं पोरीच्या. एकच मागणं होतं तिचं: अप्पांनी आमच्याकडे राहायला यावं. कायमचं.

आणि तिथेच घोडं अडलं होतं. लेकीच्या सासरी जाऊन राहायचं हे त्यांच्या पिढीला जिवावर येतं. आमच्याकडे आले तरी खुर्चीच्या कडेवर बसायचे, चपला दाराकडे तोंड करून काढायचे, दुसरा चहा नको म्हणायचे. तसं मी म्हटलं होतं हो त्यांना, "या ना राहायला, घर तुमचंच आहे." पण ज्या सुरात मी आल्यागेल्याला 'जेवूनच जा' म्हणते त्याच सुरात म्हटलं होतं. व्याह्यांनी टकटक न करताच ओळखलं. लेकीला म्हणाले म्हणे, "बोलन्यात दम न्हाई ईनबाईंच्या."

शेवटी एका रविवारी दुपारी मुलगा, सून आणि मी असे तिघं कुरुळीला धडकलो. सुनेने विचारलंच नाही, सरळ त्यांचे कपडे पिशवीत भरायला घेतले. व्याही अंगणात पेरूखाली बाजेवर बसले होते. "थांब पोरी," ते म्हणाले. "भांडन नको. हे पाखरू ठरवंल." फोन काढला. "टेंपररीला परमनंट करतो. शीळ राह्यली तर मीबी येतो. गेली तर पुन्यांदा इषय काढायचा न्हाई."

"अप्पा, तुमचं राहणं काय त्या पाखरावर ठरवायचं?" सून पिशवी घेऊन बाहेर आली.

"माझा अंदाज सांगून ठिवतो. दम वाढंल, बचाव वाढंल, चपळाई जाईल. आन शीळ तर जानारच." म्हणजे येणार नाही हे सांगायची त्यांची ही रीत होती. मुलगा माझ्या कानात म्हणाला, "काळजी नको आई, यांचं आजवर काही खरं झालंय का?"

त्यांनी बटण दाबलं. पाखरू झगमगलं, फिरलं, फिरलं, आणि पडदाभर पंख पसरून एक भलंथोरलं गंभीर पाखरू बाहेर आलं. तुरा गेला होता. दम वाढला, बचाव वाढला, चपळाई घटली. आयुष्यात पहिल्यांदा या माणसाचं भविष्य ओळीने खरं होत होतं, आणि मुहूर्त काय निवडला होता! आता फक्त बोट लावायचं बाकी होतं. मी त्यांच्या पाठीशी उभी होते. त्यांची मान पाहिली मी. कडक इस्त्रीची कॉलर, आणि आत ती मान, कोंबडीच्या पिल्लासारखी. त्यांनी बोट लावलं.

काही नाही. मोठं पाखरू नुसतं बघत राहिलं.

आणि शीळ वाजली.

कुठून आली देवाला ठाऊक. ओठांचा चंबू केला एवढंच मला आठवतं. माझा मुलगा माझ्याकडे असा बघत राहिला, जसं त्याच्या आईला शेपूट फुटलंय. सून खोकली. व्याही हलले नाहीत, वळले नाहीत. पुन्हा बोट लावलं. मी पुन्हा वाजवली, आता जरा ऐटीत, शेवटी मुरकी घेऊन. थांबावं ना माणसाने? त्यांनी तिसऱ्यांदा बोट लावलं. मी जोर केला, आणि वरची कवळी सुटून पुढे आली. नुसतं 'फुस्स' झालं.

पेरूवरचे खरे पोपटसुद्धा गप्प.

"आवाज फुटलाय जरा," पडद्यावरची नजर न काढता व्याही म्हणाले. "परमनंट झाल्यावर कवळी बसली वाटतं ह्याला." मग प्लास्टरचा हात गुडघ्यावर टेकून उठले. "बरं. राह्यली म्हनायची शीळ. पोरी, माझा पंचा घेतला का पिशवीत?"

गाडीत ते पुढे बसले होते, मी मागे. कुरुळी मागे पडली. मग मान न वळवता म्हणाले, "गेल्याली चाल परत येत न्हाई म्हनलो व्हतो, ईनबाई."

"म्हणाला होतात खरं."

"अपडेट आला आसंल."

आता ते आमच्याकडेच असतात. चपळाई गेली हे मान्य करायला हवं. कुरुळीभर भटकणारा माणूस सोसायटीच्या गेटपर्यंत जाऊन परत येतो, आणि फोन बहुतेक वेळ खिशातच राहतो. कधी कधी गॅलरीत उभे राहून चाकणच्या बाजूला बघत बसतात. तिकडचं काही दिसत नाही, मध्ये इमारतीच इमारती आहेत. पण खुर्चीत आता पाठ टेकून बसतात, चपला कशाही काढतात, आणि दुसरा चहा मागून घेतात. संध्याकाळी मी पलीकडच्या खुर्चीत जाऊन बसते. मग ते खिशातून ते थोरलं मुकं पाखरू काढतात, त्याच्या टाळक्यावर बोट ठेवतात आणि मुद्दाम दुसरीकडे बघत राहतात. मला चहाचा कप खाली ठेवावा लागतो, कवळी अंगठ्याने दाबून बसवावी लागते. एवढ्यातसुद्धा हल्ली धाप लागते.

"दम घ्या, ईनबाई," ते रस्त्याकडे बघत म्हणतात. "घाई न्हाई. आता आपून परमनंट."