शनी अमावास्येची मॅच

बायडाबाईचं एक मत ठाम होतं. माणसानं शनिवारी दुसरं काही म्हणून ठरवू नये. शिंगणापुरात तीस वर्षं रुईच्या माळा, तेलाच्या बाटल्या आणि काळं कापड विकणाऱ्या बाईचं दुसरं मत असेल तरी कसं? शनिवार म्हणजे गिऱ्हाईक. त्यात शनिवारी अमावास्या आली की मग विचारूच नका. गाव एवढंसं, आणि माणूस येतं लाखांनी. एका शनिवारी तिच्या सख्ख्या भावाचं लग्न होतं, तिथं अक्षता टाकतानाही तिचा निम्मा जीव दुकानात होता. हे ती स्वतःच सांगते, लाजत नाही.

आणि नेमका शनी अमावास्येच्या आदल्या संध्याकाळी ज्योतीचा फोन आला.

ज्योती म्हणजे तिची धाकटी, वय तेवीस. फुटबॉल खेळते. शाळेतल्या सरांनी नादाला लावलं, मग नगरला मैदानावर गेली, आणि दोन वर्षांमागं बंगालकडच्या एका क्लबानं तिला पगारावर घेतलं. गोलकीपर. पण दुसऱ्या नंबरची. पहिली धडधाकट असली की दुसरीनं बाकड्यावर बसून टाळ्या वाजवायच्या, असला तो प्रकार. बायडाबाई तिला म्हणालीही होती, "बाकड्यावर बसायला यवढ्या लांब कशाला जाती गं? आपल्या दुकानाम्होरं हाय की बाकडं." ज्योती तेव्हा हसली नव्हती.

बाप सहादेव मात्र थट्टा करणाऱ्यातला नव्हे. त्यानं दिवाळीतच सांगून टाकलं होतं, "ह्या सालात एक तरी मॅच खेळून दाव. न्हाई तर मे महिन्यात मांडव." पोरगीही कबूल झाली. तिलाही स्वतःचा कंटाळा आला असावा.

तर शुक्रवारी फोनवर ज्योती म्हणाली, "आई, पहिलीचं बोट मोडलंय. उद्या मी हाय. साडेतीनला मॅच. टीव्हीवर न्हाई, मोबाईलवर दिसंल, मी लिंक धाडते. तू पाह्य. बाबांची अट तर फिटंल, पण पाहून तूच सांग, हितं राहू का घरी यू. बाबांना मी न्हाई इचारणार. तू म्हणशील तसं."

"मला काय कळतंय त्यातलं?"

"तुला मी कळते ना."

झालं. बायडाबाईनं हो म्हटलं. मग सहादेवाला विचारलं, तर तो म्हणाला, "तुलाच इचारलंय, तूच ठरव. फकस्त न पाहता सांगू नको, ना माझा शब्द ठेवायला, ना तिचं मन राखायला." नवरा आयुष्यात चार शहाणपणाची वाक्यं बोलला असेल, त्यातलं हे एक होतं, आणि ते तिच्या डोक्यात घर करून बसलं. पोरीचा जन्म आपल्या एका शब्दावर टांगलाय आणि तो शब्द न बघता टाकायचा, हे तिला पटेना.

आता अडचण ऐका. अमावास्येला शिंगणापुरात मोबाईल चालत नाही. चालत नाही म्हणजे बंद नसतो, पण लाख माणूस एकाच वेळी फोन लावायला लागलं की टॉवर तरी काय करणार? सकाळी दहालाच सगळ्यांचे फोन मुके होतात. म्हणून तिनं आधीच शेजारच्या दुकानवाल्या रंगुबाईकडून एका लॉजवाल्याला सांगून ठेवलं होतं. त्याच्याकडं वायरचं नेट होतं. शनिवारी तीनला बायडाबाई तिथं गेली, तर मालक रस्त्यात उभा, मान वर करून. कुठल्याशा उंच बसनं वायर ओढत नेली होती.

"संध्याकाळी येतील जोडायला," तो म्हणाला.

"संध्याकाळी मी काय गोल मोजू?" म्हणत ती माघारी वळली.

सहादेव रस्त्यालगतच्या त्यांच्याच वावरात गाड्या लावून देत होता. मोटरसायकल वावराच्या पार टोकाला, आणि तिच्याम्होरं बसगाड्यांच्या चार रांगा. ती काढायची तर आधी अर्धा महाराष्ट्र बाहेर काढावा लागला असता. सहादेवानं एकदा गाड्यांकडं पाहिलं, एकदा बायकोकडं. "चालत जा," तो म्हणाला. "कालव्याकडनं घोडेगावच्या अंगाला. तिकडं रेंज घावंल."

ती दुकानाशी आली. गिऱ्हाईक तुंबलेलं. तिनं गल्ल्यावर फडकं टाकलं, समोरच्याला म्हटलं, "माळ घ्या, पैसे फडक्याखाली सारा," आणि रंगुबाईला म्हणाली, "मी जाऊन येते गं." रंगुबाईनं मान डोलावली. दोघींनाही त्यात वावगं वाटलं नाही. इथं घराला चौकट असते, कवाड नसतं. दुकानाला कुलूप लावायची सवयच नाही. गिऱ्हाइकाला मात्र घाम फुटला. त्यानं म्हणे सुट्टे पैसे दोनदा मोजून ठेवले.

उसाच्या बांधाबांधानं ती निघाली. पायात स्लीपर, हातात सहादेवाचा जुना मोबाईल. कालव्याच्या पुलाशी आली तेव्हा चार वाजून गेले होते. रेंजच्या दोन काड्या दिसल्या. तिनं लिंक दाबली. हिरवं मैदान आलं, माणसं मुंग्यांएवढी, आणि मधोमध ते गोल चाक फिरायला लागलं. फिरतंय, फिरतंय. एकदा चित्र हललं, चार मुंग्या इकडच्या तिकडं झाल्या, परत चाक. तिनं मोबाईल डोक्यावर धरून पाहिला, कठड्यावर चढून पाहिला. फोन लागेल एवढीच रेंज, मॅच दिसेल एवढी नाही. मग पदर खोचला आणि पुढं चालायला लागली. तिला मनातून रडू येत होतं, पण रडत चाललं की दम लागतो.

दोनेक किलोमीटरवर एक स्लॅबचं घर दिसलं. खांबावरून जाडी काळी वायर गच्चीवर गेलेली, म्हणजे नेट असणार. दाराशी चपलांचा ढीग. बायडाबाईनं आपल्या चपला त्यात काढल्या, दार लोटलं आणि सरळ आत गेली.

आता कुणी म्हणेल, परक्याच्या घरात अशी कशी गेली? पण ज्या गावात घराला दारच नाही, तिथं तीस वर्षं काढलेल्या बाईनं कडी कुठली वाजवायची? हाक मारायचं मात्र ती घाईत विसरली, ते खरं.

आत मुलगी पाहण्याचा कार्यक्रम चालू होता.

घर होतं आसाराम नावाच्या बागायतदाराचं. पोरगी जया, पोह्यांचं ताट घेऊन मधोमध उभी. पाहुणे देवळाली प्रवऱ्याचे. बायडाबाई आत आली तशी आसारामच्या बायकोला वाटलं, मुलाकडची आत्या मागं राहिली होती ती आली. मुलाकडच्यांना वाटलं, ही मुलीची मावशी. दोन्हीकडून "या, बसा" झालं. हातात पोह्यांची बशी आली. भूक लागलेली होती, तिनं दोन घास खाल्लेही. मग भिंतीवरच्या मोठ्या टीव्हीकडं बघत म्हणाली, "ताई, ह्याच्यावर मोबाईलमधलं दिसतं का?"

"दिसतं की," जया म्हणाली. ताट ठेवायला निमित्तच हवं होतं तिला.

"मग येवढी लिंक लावा. माझी पोरगी खेळतीय."

मुलाच्या आईनं मुलीच्या आईकडं पाहिलं. मुलीच्या आईनं मुलाच्या आईकडं. आसाराम खाकरला. "तुमी कोणाकडच्या म्हणायच्या?"

"मी शिंगणापूरची. बायडाबाई. माळा विकते."

"अन आत कशा आल्या?"

"दारातनं."

पाहुण्यांत एक म्हातारे मामा होते, ते ठसका लागेस्तोवर हसले. त्यामुळं बरं झालं, हाकलून लावायची वेळ निघून गेली. जयानं एव्हाना मॅच लावली होती.

भिंतभर मैदान. शेवटची वीस मिनिटं राहिलेली, आणि ज्योतीचा क्लब दोन शून्यनं मागं. म्हणजे दोन गोल आधीच होऊन गेले होते. पिवळा शर्ट, मोठे हातमोजे, केस आवळून बांधलेले. बायडाबाईनं बोटानं दाखवलं, "ती." सगळ्यांनी पाहिलं. आणि ते पाहतायत तोवर तिसरा गोल झाला. ज्योतीनं उडी घेतली, बोटं लागलीसुद्धा, पण चेंडू जाळ्यात गेला.

"गेली मॅच," मुलाचा बाप म्हणाला.

बायडाबाई टीव्हीकडं पुढं सरकली. तिला वाटलं, संपलं, आता काय सांगायचं ते ठरलं. पण तिनं नजर काढली नाही. ज्योती उठली. जिच्या चुकीनं गोल झाला ती पोरगी खाली मान घालून उभी होती. ज्योतीनं तिच्या पाठीवर थाप मारली, काहीतरी ओरडून तिला जागेवर पाठवलं, आणि स्वतः दोन खांबांच्या मधे परत उभी राहिली. तीन गोल झालेली पोरगी. तिला पाहून कुणी तसं म्हटलं नसतं.

मग कोपऱ्यातनं चेंडू आला. दहा-बारा जणींची झुंबड. ज्योती त्यात घुसली, सगळ्यांच्या डोक्यावरनं चेंडू ओढला आणि धाडकन जमिनीवर आदळली. वर दोघीजणी पडल्या. बायडाबाई उभीच राहिली, बशी लवंडली. त्या दोघी बाजूला झाल्या तर चेंडू पोरीच्या छातीशीच. कोपर सोललेलं. ती उठली, आणि कॅमेरावाल्यांनी तिचा चेहरा जवळून दाखवला.

ह्या पोरीला बायडाबाईनं जन्म दिला. तिला माळा ओवताना पाह्यलं, भाकरी थापताना पाह्यलं, तापात पाह्यलं, पाहुण्यांम्होरं नेसवून बसवलेलीही पाह्यली. पण हा चेहरा तिनं कधी पाहिला नव्हता. पोरगी हरत होती आणि तिला दुसरीकडं कुठं जायचंच नव्हतं. बायडाबाईला रडू फुटलं. चारचौघांत, परक्या घरात, हुंदके देऊन रडली.

"हरली म्हणून रडू नका," आसाराम म्हणाला.

"हरली म्हणून न्हाई वो," ती म्हणाली. तिनं पदर डोळ्यांना लावला.

जयानं पाणी आणून दिलं. देताना हळूच विचारलं, "काकू, त्यांना पगार मिळतो?"

"मिळतो."

"पोहे आण अजून," आसारामची बायको जरा जोरातच म्हणाली.

मॅच तीन शून्यवरच संपली. बायडाबाईनं सगळ्यांना हात जोडले, मुलाच्या आईला सांगितलं, "पोरगी चांगली हाय, पण तिला इचारून करा," आणि निघाली. हा आगाऊपणा झाला, ते तिलाही कळत होतं.

कालव्याच्या पुलावर येऊन ती थांबली. इथून पुढं रेंज नाही, हे तिला आता पाठ झालं होतं. ऊन उतरलं होतं. दुकानावर अमावास्येचं गिऱ्हाईक असणार, रंगुबाई एकटी. तरी ती कठड्यावर बसून राहिली. तासाभरानं फोन वाजला.

"आई, पाह्यलंस?"

"पाह्यलं."



"तीन गोल झाले माझ्यावर."

"मी एकच पाह्यला. दोन झाले तवा मी वाटंवर हुते."

"मग काय करू? घरी यू?"

"कोपराला काय लावलंस का?"

"लावलं. आई, तू सांगणार हुतीस."

"म्होरली मॅच कवा हाय?"

"बुधवारी."

"बुधवारी गिऱ्हाईक नसतंय," बायडाबाई म्हणाली. "पहिल्यापासनं पाहीन."