आठ व्हायोलिनं आणि एक चाल

“घाई कोणाला आहे?” असं त्यांनी विचारलं की समजायचं, घाई त्यांनाच आहे. मग ते चष्मा पुसत बसायचे. अशी माणसं तुम्हीही पाहिली असतील.

मरोळच्या एका स्टुडिओत वादक जमवायचं काम मी करते. कोण, किती वाजता, कुठल्या खुर्चीवर, सगळं यादीत. चष्मा पुसणारे हे संगीतकार पार्ल्याहून रिक्षाने यायचे आणि पाच मिनिटांत माझी यादी बिघडवायचे. “ताई, त्या बासरीवाल्याला आधी खायला द्या. सूर लागत नाहीयेत, भूक लागलीय त्याला.”

एके काळी त्यांना श्वास घ्यायला फुरसत नव्हती. मग सहा वर्षं एकही चित्रपट नाही. मग हा एक मिळाला.

तरुण दिग्दर्शकाने संकलनाच्या वेळी एका प्रसंगाखाली दुसऱ्याच चित्रपटाची गाजलेली धून तात्पुरती लावली होती. तसं सगळेच करतात. हा मात्र महिनाभर ऐकून तिच्या प्रेमात पडला. रेकॉर्डिंगला आठ व्हायोलिनवाले बसलेले, दोनला त्यांची शिफ्ट संपणार, आणि साडेबाराला हा म्हणतो, “सर, तुमची चाल मस्तच आहे. पण तो फील येत नाही ना यार! त्या धुनेसारखंच करा. दोन स्वर बदला, झालं.”

“दोन स्वर बदलले की ती माझी होते का रे?”

“मग दुसऱ्या कोणाला विचारू का?”

काचेपलीकडे व्हायोलिनच्या तारांवर आठही गज थांबलेले. सरांनी चष्मा पुसायला घेतला. “घाई कोणाला आहे?”

“सर, दोनला शिफ्ट संपते,” मी म्हटलं.

त्यांनी कागद ओढला आणि दिग्दर्शकाला हवं होतं तसं लिहून दिलं. वाजलं. दिग्दर्शक “झकास!” म्हणून फोन करायला खाली पळाला.

“ताई, यादीत संगीतकार कोण?”

“तुम्ही.”

“खोडा.”

“सर, सहा वर्षांनी मिळालाय हा पिक्चर!”

“खोडा म्हटलं ना. शिफ्टची किती मिनिटं उरली?”

“सात.”

ते आत गेले, स्वतःच्या चालीचे आठ कागद वाटले. “रेकॉर्ड करायचं नाही. एकदाच.”

वादकांनी वाजवलं. रेकॉर्डिस्टने दोन्ही हात मांडीखाली दाबून धरले होते. शेवटचा स्वर विरला तेव्हा सर दाराशी चपला घालत होते.

ते पुन्हा मरोळला आले नाहीत. चित्रपट लागला तेव्हा संगीतकार म्हणून दुसऱ्याचंच नाव होतं.

शिफ्ट संपली की नोटेशनचे कागद मोजून परत घ्यायचे, हा माझा नियम. त्या दुपारी एकेक वादक व्हायोलिनची पेटी बंद करून माझ्यासमोरून गेला. आठातला एकही कागद परत आला नाही. मी मागितलाही नाही.